शनिवारचा खेळ : जेन डार्वेल

सभासदहो,

येत्या शनिवारी संध्याकाळी ६ वाजता, नेहमीच्या हॉलमध्ये, जॉन फोर्डचा ‘द ग्रेप्स ऑफ रॉथ’ (१९४०). हेन्री फोंडा आहेच, पण या वेळी लक्ष जेन डार्वेलकडे असू द्या. १९१३च्या मूकपटांपासून १९६४च्या ‘मेरी पॉपिन्स’मधल्या पक्ष्यांचा खाऊ विकणाऱ्या म्हातारीपर्यंत बाई काम करत राहिल्या, बहुतेक दुय्यम भूमिकांतच. इथल्या ‘मा जोड’साठी, म्हणजे जोड कुटुंबातल्या आईच्या भूमिकेसाठी, त्यांना सहाय्यक अभिनेत्रीचं ऑस्कर मिळालं. घर सोडताना त्या जुने डूल कानाशी धरून स्वतःकडे बघतात; एक शब्द नाही. तो प्रसंग चुकवू नका.

- चित्रपट सव्वादोन तासांच्या आतबाहेर. ६ नंतर प्रवेश नाही.
- सोबत पाहुणा एकच. नाव शुक्रवारपर्यंत कळवा.
- खुर्च्या मांडायला दोघं-तिघं साडेपाचलाच या.
- मोबाईल बंद. ‘सायलेंट’ नव्हे, बंद.