बाबांचे डबे

प्रिय मित्रा,

तुझं पत्र येऊन पंधरवडा झाला. उत्तराला उशीर झाला, रागावू नकोस. बाबांच्या फिल्मच्या डब्यांत अडकले होते; आजोबांनी काढलेला आणि बाबांनी संकलित केलेला चित्रपट त्यांत आहे.

पहिलाच डबा उघडला आणि व्हिनेगरचा भपकारा आला. असिटेट या प्लॅस्टिकची फिल्म सडायला लागली की तिच्यातून आम्ल सुटतं; ती आकसते, कडा वाकड्या होतात. त्या वाफेनं शेजारची धडधाकट रिळंही लवकर खराब होतात, म्हणून आधी आजारी डबे बाजूला काढले. ९ पैकी ३.

तुला माहीतच आहे, ३० वर्षं मी फिल्म कापायचंच, म्हणजे संकलनाचं काम केलं. सुरुवात स्टीनबेकवर, म्हणजे फिल्म बघत कापायच्या टेबलावर, गळ्यात फिल्मचे तुकडे अडकवून. पुढे सगळं कॉम्प्युटरवर गेलं. पण लांबलेला शॉट दिसला की हात अजून शिवशिवतात. आजोबांनी काढलेल्या या चित्रपटात तसे शॉट पुष्कळ. पाहताना वाटलं, चार मिनिटं तर सहज निघतील.

मग बाबांची वर्कप्रिंट, म्हणजे कापाकापीसाठीची प्रत, हाती आली. आजी दारातून वळून बघते, तो शॉट. त्याच्या शेवटी टेपच्या दोन जोडण्या आणि मध्ये ६ फ्रेमचा तुकडा. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे पाव सेकंद. बाबांनी तो कापला होता आणि परत लावला होता! चालवून पाहिलं तेव्हा कळलं: तेवढ्यातच आजीची पापणी लवते. मी टेबलावर डोकं टेकून रडले रे.

आता एक फ्रेमही कमी करायची नाही. धूळ, ओरखडे काढीन, पण बाबांचा कट हलवणार नाही. भाऊ म्हणतो, छोटी आवृत्ती करू. कर म्हटलं, पण वेगळ्या प्रतीवर. आणि स्कॅन झालं म्हणून मूळ निगेटिव्ह टाकू देणार नाही. हार्ड डिस्क कधी दगा देईल नेम नाही. थंड, कोरड्या जागी ठेवलेली फिल्म माझ्यामागेही राहील.

अडलंय पाचव्या रिळावर. मधले दीडशे फूट एकमेकांना चिकटून बसलेत, म्हणजे १०० सेकंद गेल्यात जमा. तुझे काका प्रोजेक्टर चालवायचे, त्यांच्याकडे एक प्रिंट राहिली होती, असं बाबा म्हणायचे. माळ्यावर बघशील? डबा सापडला तर प्रोजेक्टरवर चढवू नकोस, रीळ उलगडू नकोस, उन्हात तर मुळीच ठेवू नकोस. झाकणावर काय लिहिलंय तेवढं कळव. मी स्वतः घ्यायला येते.

तुझी मैत्रीण