दार बाहेरून बंद होते, त्यात नियती कुठून आली?

संपादक महोदय,

सप्रेम नमस्कार. रविवारच्या पुरवणीत ज्यूल द्युमाँ द्युर्व्हिल यांच्यावर आलेला लेख वाचला. या फ्रेंच दर्यावर्दीबद्दल मराठीत फारसे वाचायला मिळत नाही, त्यामुळे नाव दिसताच हातातले काम टाकून बसलो. वाचून झाल्यावर मात्र संताप आला. आज सोमवारी सकाळीही तो उतरलेला नाही, म्हणून हे पत्र.

दक्षिण ध्रुवाकडच्या बर्फातून सुखरूप परतलेला माणूस पॅरिसच्या वेशीपाशी आगगाडीत जळून मेला, हे लेखकाला इतके भावले की अर्धा लेख त्यातच खर्ची पडला. वाचकाला ते धरून ठेवते, हे मान्य. पण कारण काय दिले? नियती. काळ आला होता म्हणे. महोदय, इंजिनाच्या चाकांना जोडणारा आस मोडला होता आणि डब्यांची दारे बाहेरून कुलपात होती.

८ मे १८४२, रविवार. फ्रान्सच्या राजाच्या उत्सवानिमित्त पॅरिसजवळच्या व्हर्सायच्या बागेतली कारंजी सोडली होती आणि ती पाहायला पॅरिसहून लोक लोटले होते. द्युर्व्हिल, पत्नी आदेल आणि मुलगा ज्यूल गाडीने परत निघाले. म्यूदोंजवळ पुढच्या इंजिनाचा आस मोडला. मागचे इंजिन त्यावर आदळले, डबे एकमेकांवर चढले, भट्टीतले निखारे सांडले आणि लाकडी डबे पेटले. प्रवाशांनी चालत्या गाडीतून उतरू नये म्हणून दारे बाहेरून बंद करायची तेव्हा पद्धत होती. पन्नासहून जास्त माणसे गेली, त्यांत हे तिघे. द्युर्व्हिल यांची ओळख पटवली ती त्यांच्याच मोहिमेवरच्या द्युमूत्ये यांनी. त्यांनी पूर्वी द्युर्व्हिल यांच्या डोक्याचा साचा घेतला होता, त्यावरून कवटी ओळखली. हा तपशील आपल्या लेखात चवीने आला आहे. कुलपाबद्दल एक ओळ नाही.

माझे आयुष्य बोटींच्या इंजिनरूममध्ये गेले. आस अचानक मोडत नसतो. जाड भाग जिथे बारीक होतो तिथल्या कोपऱ्यात केसाएवढी चीर पडते. प्रत्येक फेऱ्याला ती किंचित आत सरकते आणि एक दिवस उरलेल्या धातूला भार पेलत नाही. मोडलेला तुकडा हातात घेतला की सगळे दिसते: चिरेची बाजू घासून गुळगुळीत झालेली, आणि शेवटी तुटलेला भाग खडीसाखरेसारखा खरबरीत, चमकणारा. आम्ही शाफ्टवर, म्हणजे इंजिनाच्या फिरत्या दांड्यावर, लाल रंगाचे पातळ द्रव्य लावायचो, पुसून काढायचो, वरून पांढरी पूड फवारायचो आणि बॅटरी घेऊन त्या पुडीत लाल रेघ उमटते का ते बघत बसायचो. म्यूदोंच्या पुढच्याच वर्षी रँकिन या स्कॉटिश इंजिनियरने आसांच्या मोडण्याची मीमांसा केली आणि तो कोपरा गोलाई देऊन घडवा असे सांगितले. फ्रान्समध्ये दारांना कुलूप घालणे बंद झाले. इंग्लंडमध्ये तर त्याच सुमारास सिडनी स्मिथ या पाद्र्याने वर्तमानपत्राला पत्रे लिहून रेल्वे कंपनीकडे दारे उघडी ठेवण्याचा लकडा लावला. या सगळ्यांनी नियती म्हणून हात जोडले असते, तर पुढे आणखी किती माणसे कोंडून मेली असती?

मी हे इतक्या पोटतिडकीने लिहितो त्याला कारण आहे. मी थर्ड इंजिनियर होतो तेव्हाची गोष्ट. इंजिनरूममधून वर यायला नेहमीचा जिना असतो आणि आगीच्या वेळेसाठी एक उभी, अरुंद शिडी असते. तिचे झाकण थेट डेकवर उघडते. बंदरात चोरून चढणाऱ्यांना अटकाव म्हणून त्या झाकणाला बाहेरून कुलूप घातले होते आणि बोट समुद्रात निघाल्यावर ते काढायचे राहिले. जनरेटरच्या तेलाची नळी फुटली, धुराने जिना दिसेना, म्हणून मी आणि गुहागरकडचे एक मोटरमन (इंजिनरूममधले कामगार) त्या शिडीने वर गेलो. त्यांना आम्ही सगळे काकाच म्हणायचो. झाकण हलेना. खालून धूर चढतो आहे, पाय पायरीवर थरथरताहेत आणि काका एका हाताने शिडी धरून दुसऱ्या हातातल्या स्पॅनरने झाकण बडवताहेत. डेकवरच्या खलाशांचा मुकादम, बोसन, त्याने ते ऐकले आणि कुलूप तोडले, म्हणून मी आज हे लिहितो आहे. काकांची छाती मात्र नंतर कधी धड झाली नाही. त्यांना पुढची बोट मिळाली नाही. अहवालात कुलपाचा उल्लेखसुद्धा नव्हता. मला ऑफिसात बोलावून सांगितले, देवाची कृपा समजा आणि सही करा. मी केली नाही. बोटीवरचे पुढचे बोलावणे फार उशिरा आले, त्याचे मला कधी वाईट वाटले नाही, काकांचे वाटते.

नियतीचे नाव घेतले की कुलूप कुणी घातले हे विचारायचे राहून जाते, महोदय.

आणि हे ज्यांच्या बाबतीत केले त्यांची कारकीर्द तरी नीट सांगायची. १८२० साली मिलो या ग्रीक बेटावर व्हीनसचा पुतळा त्यांच्या दृष्टीस पडला आणि त्यांनी तो फ्रेंच राजदूताच्या कानावर घातला, हा एक योग. बाकी सगळे अंगमेहनतीचे. १८२७ च्या जानेवारीत न्यूझीलंडमध्ये आस्त्रोलाब हे जहाज त्यांनी एका अरुंद खिंडीतून नेले. इंजिन नाही, भरवसा फक्त वाऱ्याचा, आणि प्रवाह असा की सुकाणू ऐकत नाही. जहाज खडकाला दोनदा लागले, तरी पार झाले. ती वाट आजही फ्रेंच पास आणि शेजारचे बेट द्युर्व्हिल बेट म्हणून ओळखले जाते. पुढच्या वर्षी ते पॅसिफिकमधल्या व्हानिकोरो बेटाला पोचले आणि १७८८ पासून बेपत्ता असलेल्या ला पेरूझ या फ्रेंच दर्यावर्दीच्या जहाजांचे नांगर व तोफा त्यांनी पाण्यातून वर काढल्या. तिथे त्यांच्या आधी पीटर डिलन हे कप्तान पोचले होते, आणि डिलन यांचे जहाज आपल्या कलकत्त्याहून निघाले होते. मराठी वाचकासाठी लिहिताना हे सांगायला नको होते का? पॅसिफिकच्या बेटांची पॉलिनेशिया, मायक्रोनेशिया, मेलानेशिया ही विभागणीही त्यांनीच रूढ केली. त्यात कातडीच्या रंगावरून माणसांना वरखाली लावण्याची जी खोड होती ती मला पटत नाही, पण लेखात तिची बाजूही नाही आणि विरोधही नाही.

सर्वांत जास्त खटकले ते ध्रुवीय मोहिमेतले "पहिल्या खेपेला अपयश" हे वाक्य. सप्टेंबर १८३७ मध्ये आस्त्रोलाब आणि झेले ही दोन जहाजे फ्रान्समधल्या तुलों बंदरातून निघाली. वेडेल हे ब्रिटिश दर्यावर्दी पूर्वी ७४ अंश दक्षिण अक्षांशापलीकडे गेले होते; त्यांना मागे टाकून ७५ अंश गाठले तर प्रत्येक खलाशाला १०० फ्रँक, असे राजाचे आश्वासन होते. १८३८ च्या सुरुवातीला बर्फाने त्यांना ६५ अंशांच्याही अलीकडे अडवले. जहाजे अडकली, खलाशांनी पहारी घेऊन वाट फोडली. मग ताज्या भाज्या-फळांवाचून होणाऱ्या स्कर्व्हीने माणसे आडवी पडली. चिलीला पोचले तर घरून पत्र: धाकटा मुलगा पटकीने गेला, परत या. स्वतः संधिवाताने बेजार. हा माणूस तरीही फिरला नाही. सुमात्रा सोडल्यावर हगवणीने डझनाहून जास्त माणसे दगावली आणि मोहिमेचे चित्रकार गुपील यांना टास्मानियातल्या होबार्टलाच पुरावे लागले. तरी १८४० उजाडताच पुन्हा दक्षिणेकडे, आणि त्याच जानेवारीत जमीन दिसली. अधिकारी होड्या घेऊन किनाऱ्याजवळच्या खडकावर उतरले, दगडाचे तुकडे फोडून घेतले आणि बोर्दोची दारू पिऊन आनंद केला. तीन वेळा लांबच्या सफरीला संमती देणाऱ्या पत्नीची आठवण म्हणून त्या भूमीला आदेली लँड नाव दिले. तीच आदेल त्या डब्यात होती.

एवढ्या सगळ्याला आपल्या लेखात तीन परिच्छेद, आणि सोबत फोटो कसला? "आदेली पेंग्विन" या ओळीवर एम्परर पेंग्विन छापले आहेत. मानेजवळ पिवळा डाग असतो तो एम्परर. आदेलीचे डोके काळे आणि डोळ्याभोवती पांढरी कडी असते. नकाशात आदेली लँड दक्षिण अमेरिकेच्या खाली दाखवला आहे. तो ऑस्ट्रेलियाच्या खाली आहे. छापण्याआधी कुणी बघत नाही का?

जाता जाता आणखी एक. आपल्या रत्नागिरी आवृत्तीत भरती-ओहोटीचे वेळापत्रक यायचे, ते न सांगता बंद झाले. खाडीत शिंपल्यांतली कालवे काढायला जाणाऱ्या बायका ते कापून दाराशी चिकटवायच्या. त्या सगळ्यांकडे मोबाइल नाही. हे वेळापत्रक पुन्हा सुरू करावे आणि पेंग्विनच्या फोटोची व नकाशाची दुरुस्ती पुढच्या रविवारी त्याच पानावर छापावी.

कळावे,
एक निवृत्त बोट इंजिनियर,
हर्णै, ता. दापोली