भाड्याचं लिहायचं नव्हतं

रामबाग, इंदूर
सोमवार, रात्र

चि. मिनूस अनेक उत्तम आशीर्वाद.

काल माझा आवाज चढला. चालती मालिका सोडून तू असिस्टंट डायरेक्टर होणार म्हणालीस, आणि मी विचारलं काय, तर "भाडं कोण भरणार?" तू फोन ठेवलास, बरोबरच केलंस. आज भाड्याचं अक्षर लिहायचं नाही असं ठरवून बसलेय.

रेणुका शहाणेचं उदाहरण दिलंस, ते डोक्यातून जात नाही. अगं, तिची दूरदर्शनवरची 'सुरभि' तर आपल्या घरचीच. तू मांडीवर, आणि मी त्यातल्या प्रश्नाच्या उत्तराचं पोस्टकार्ड लिहून राजवाड्याजवळच्या पेटीत टाकून यायची. नंबर एकदाही लागला नाही. आजी म्हणायच्या, "हसते बघ कशी, काही न लपवता." पुढे 1994 ला 'हम आपके हैं कौन'मध्ये ती जिन्यावरून पडली, तेव्हा बेबीआत्या अशी रडली की पुढचा सिनेमा मला दिसलाच नाही.

पण तिथून तिने स्वतः दिग्दर्शित केलेला पहिला सिनेमा, 'रीटा', यायला 2009 उजाडलं. तोही आईच्या, शांता गोखल्यांच्या कादंबरीवरचा. मग 'त्रिभंग' 2021 ला. आधी 15 वर्षं, मग 12. नाव झालेल्या बाईला एवढा वेळ लागला, आणि मधल्या काळात ती कामं करतच होती ना? मग तुलाही मालिकेत राहून... बघ, लागले सांगायला. आणि भाड्याशीच आले. माफ कर.

'त्रिभंग' आम्ही दोघांनी मोबाइलवर पाहिला. लिहिणारी आई, तिच्यावर चिडलेली मुलगी. बाबा मधेच चहा टाकायला उठले, आणि चहा काही आलाच नाही. मला वाटलं, मुलगी चिडायचीच असेल तर निदान कादंबरीपायी चिडावी. माझ्याकडे आहे काय, तर दूधवाल्याच्या हिशोबाची वही.

एक सांगायचं राहिलं. परवाच्या भागात तू दारात उभी होतीस तेव्हा ओढणीची पिन डाव्या खांद्याला होती. आत आलीस तर उजव्या! मी ओरडले तर बाबा म्हणाले, "हेच बघायचं काम घेतलंय ना तिने आता?" मला तोवर कळलंच नव्हतं गं. त्यांनी मग समोरच्या काकूंनाही ऐकवलं, "मिनू आता कॅमेऱ्यामागे." वर म्हणाले, मोठं काम असतं ते. काय काम असतं, ते त्यांनाही धड सांगता आलं नाही.

त्या खोलीत ओल आहे म्हणाली होतीस. त्याच खोलीचं एवढं भाडं घेतात?

शुक्रवारी अवंतिका एक्स्प्रेसने काकूंचा नातू येतोय. लवंगी सेव आणि गुळपापडी पाठवतेय. सेवेचा डबा मैत्रिणींसमोर उघडू नकोस, तळाशी पाकीट आहे. दोन महिन्यांचे निघतील. बाबांपासून लपवून ठेवलेत असं समजू नकोस, मोजले त्यांनीच.

तुझी,
आई