त्युर्कूला नवा आवाज देणारे रूही सू

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

लोकसंगीताच्या जतनाविषयी जे लिहिले जाते, त्यात बहुधा ध्वनिमुद्रण, स्वरलेखन आणि संग्रह यांचाच विचार असतो. ते काम मोलाचे आहेच. परंतु संग्रहात जमा झालेले गाणे पुन्हा लोकांच्या ओठी यायचे असेल, तर ते नव्या समजुतीने गाणारा कुणीतरी लागतो. तुर्कस्तानचे रूही सू हे असे गायक होते. मराठीत त्यांच्याविषयी फारसे वाचायला मिळत नाही, म्हणून हे पत्र.

त्युर्कू, म्हणजे तुर्की लोकगीत, गोळा करण्याचे मोठे प्रयत्न त्यांच्या तरुणपणीच सुरू झाले होते. १९३६ मध्ये हंगेरीचे संगीतकार बेला बार्टोक यांनी अहमद अदनान सायगुन यांच्यासह अदाना परिसरात गाणी ध्वनिमुद्रित केली, आणि १९३७ पासून मुझफ्फर सारिसोझेन व त्यांच्या सहकाऱ्यांनी अनातोलियाभर हिंडून सुमारे दहा हजार गीते जमवली. रूही सू यांचा मार्ग वेगळा होता. १९१२ मध्ये वान येथे जन्मलेला, अदानामध्ये वाढलेला हा अनाथ मुलगा १९४२ मध्ये अंकाराच्या संगीत विद्यालयातून ऑपेरा गायक म्हणून बाहेर पडला, तेथील ऑपेरात गाऊ लागला, आणि त्याच सुमारास नभोवाणीवरून साझ या लांब मानेच्या तंतुवाद्याच्या साथीने त्युर्कूही गाऊ लागला.

लोकगीत ऑपेराच्या आवाजात गायल्याबद्दल त्यांच्यावर टीका झाली. मला ती पटत नाही. आपल्या घडवलेल्या, खर्जातल्या आवाजात त्यांनी गावच्या गायकाची नक्कल केली नाही, तशीच त्युर्कूची ऑपेराही केली नाही. साथीला बहुतेक वेळा एकच साझ ठेवला आणि प्रत्येक शब्द स्पष्ट, ठाय लयीत उच्चारला. त्यामुळे युनुस एमरे यांची सुफी कवने, सिवास येथे फाशी गेलेल्या पीर सुलतान अब्दाल यांची बंडखोर पदे आणि काराजाओलान यांची प्रेमगीते ऐकताना आपण आधी कविता ऐकतो आणि मग चाल. भाषा न समजणाऱ्या माझ्यासारख्या श्रोत्यालाही शब्दांवरचा तो भार जाणवतो.

या गाण्याची किंमत त्यांनी जन्मभर मोजली. १९५२ मध्ये कम्युनिस्ट पक्षाच्या सदस्यांविरुद्धच्या खटल्यात त्यांना अटक झाली, पाच वर्षे तुरुंगात गेली आणि ऑपेरातील कारकीर्द संपली. सिदिका यांच्याशी त्यांचा विवाह तुरुंगातच झाला. सुटकेनंतर त्यांनी पुन्हा साझ हाती घेतला, ध्वनिमुद्रिका काढल्या आणि १९७५ मध्ये ‘दोस्तलार कोरोसू’ म्हणजे मित्रांचा गायकवृंद उभा केला. एकट्या आशिकाने, म्हणजे हिंडत्या लोककवीने, गायचे गाणे अनेकांच्या गळ्यात उतरवण्याची त्यांची ही कल्पना मला फार महत्त्वाची वाटते, कारण गायकाच्या मागे गाणारे उरावेत याची तजवीज तिच्यात होती.

१९८० च्या लष्करी उठावानंतर, कर्करोगावर परदेशी उपचार घेण्यासाठी त्यांना पारपत्र हवे होते. ते वेळेवर मिळाले नाही. मिळाले तेव्हा उशीर झाला होता. २० सप्टेंबर १९८५ रोजी इस्तंबूलमध्ये त्यांचे निधन झाले. सभा-मोर्चांवर कडक निर्बंध असतानाही हजारो लोक त्यांच्या अंत्ययात्रेत चालले, आणि त्यांनी गायलेली गाणी त्या दिवशी रस्त्यावर म्हटली गेली.

आपला,
एक संगीतप्रेमी वाचक