चार्ल्स बर्नेट यांची उपेक्षा

महोदय,

अमेरिकी चित्रपटांविषयी आपल्याकडे बहुधा हॉलिवूडच्या बड्या स्टुडिओंपुरतेच लिहिले जाते, म्हणून चार्ल्स बर्नेट या स्वतंत्र दिग्दर्शकाकडे लक्ष वेधावेसे वाटते. १९४४ साली मिसिसिपीत जन्मलेल्या आणि लॉस एंजेलिसमधील वॉट्स या कृष्णवर्णीय कष्टकऱ्यांच्या वस्तीत वाढलेल्या बर्नेट यांनी विद्यापीठात शिकत असताना, दहा हजार डॉलरहूनही कमी खर्चात, बहुतांशी शनिवार-रविवारी चित्रण करून ‘किलर ऑफ शीप’ पूर्ण केला. लेखन, छायाचित्रण, संकलन सारे त्यांचेच. कत्तलखान्यात राबून घरी परतणारा, झोप हरवलेला बाप आणि गच्च्यांवरून उड्या मारणारी मुले त्यांनी ज्या मायेने टिपली आहेत, ती मला अन्यत्र क्वचितच आढळली. मात्र गाण्यांचे हक्क परवडत नसल्याने हा चित्रपट सुमारे ३० वर्षे चित्रगृहांपासून दूर राहिला आणि २००७ मध्येच रीतसर प्रदर्शित झाला. त्याआधी १९९० मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत, म्हणजे जतन करण्याजोग्या महत्त्वाच्या चित्रपटांच्या यादीत, त्याचा समावेश झाला होता, हे विशेष! २०१७ मध्ये बर्नेट यांना मानद ऑस्कर मिळाले. आपल्या चित्रपट महोत्सवांनी त्यांच्या चित्रपटांचा स्वतंत्र विभाग ठेवावा, ही विनंती.

– एक वाचक, पुणे