लालूनची गोष्ट

चि. मुक्ता,
अनेक आशीर्वाद.

तुझा परवाचा फोन मनातून जात नाही. रात्रभर त्या घोडीजवळ बसलीस, पहाटे शिंगरू झालं, तासाभरात लटपटत उभं राहिलं, आणि ते सांगता सांगताच तुझा आवाज पडला. पुढच्या वर्षी ते लिलावात जाणार, कोणाच्या नावावर पळेल तेही आपल्याला कळायचं नाही, म्हणालीस. तेव्हा मला काही सुचलं नाही, म्हणून आता लालून नावाच्या एका घोडीची आणि तिच्या मालकाची गोष्ट लिहितोय.

न्यूयॉर्कचं ते शंखासारखं म्युझियम तू पाहिलंस ना, त्याच गुगेनहाइम घराण्यातला हॅरी. जन्म १८९० चा. घरचा धंदा तांब्याचा, पैसा अमाप. तरी पोरवयात तो मेक्सिकोत घरच्याच भट्टीवर उमेदवारी करायला गेला. केंब्रिजची पदवी त्यानंतरची. मला हा माणूस भावला तो इथेच. गनमेटल, म्हणजे तांबं-कथील-जस्ताचा मिश्रधातू, ओतताना जस्ताचा पांढरा धूर छातीत गेला की रात्री माझ्या अंगात कशी कणकण भरायची, तू लहानपणी पाहिलंयस. भट्टीच्या तोंडाशी उभं राहिलेला मालक वेगळा असतो.

पुढे चिलीतल्या चुकिकामाता या तांब्याच्या प्रचंड खाणीचा कारभार त्याच्याकडे आला. १९२३ मध्ये वडीलधाऱ्यांनी तिचा ताबा विकायचं ठरवलं. हॅरीने विरोध केला, कोणी ऐकलं नाही, तेव्हा तो घरच्या पेढीतून बाहेर पडला. शंभर वर्षं उलटली, त्या खाणीतून अजून तांबं निघतंय.

मग विमानं, क्यूबातली वकिलात, वर्तमानपत्र, असं बरंच काही केलं त्याने, पण तुझ्या कामाचे त्याचे घोडे. १९५३ ची केंटकी डर्बी, अमेरिकेतली सगळ्यात मानाची घोड्यांची शर्यत, त्याच्या डार्क स्टार या घोड्याने जिंकली. नेटिव्ह डान्सर हा घोडा आयुष्यात २२ शर्यती पळला आणि फक्त ही एक हरला. पण डार्क स्टार विकत घेतलेला होता. मला सांगायचंय ते लालूनचं.

लालून त्याची घोडी. १९५५ ची केंटकी ओक्स, ही घोड्यांची नाही तर घोड्यांच्या तरुण माद्यांची मोठी शर्यत, जिंकलेली. तिला नसरुल्लाह हा पैदाशीचा घोडा दाखवला, अकरा महिने वाट पाहिली, आणि १९६० मध्ये नेव्हर बेंड जन्मला. दोन वर्षांचा असताना तो अमेरिकेत त्या वयातला अव्वल ठरला, पण डर्बीत दुसरा आला. चुकचुकले असतील लोक. पुढे तोच घोडा मिल रीफचा बाप झाला.

आता तारखा नीट बघ. हॅरी गेला २२ जानेवारी १९७१ ला. त्याच वर्षी मिल रीफने इंग्लंडची डर्बी जिंकली, पॅरिसची आर्क ही मोठी शर्यतही जिंकली. त्याच वर्षी ॲक ॲक अमेरिकेतला वर्षाचा सर्वोत्तम घोडा ठरला. ॲक ॲकची वीण हॅरीची, पण तोवर तो विकला जाऊन दुसऱ्या मालकाच्या रंगात पळत होता. यातलं काहीही त्याच्या डोळ्यांना दिसलं नाही.

इथेही संपत नाही. लालूनचा आणखी एक मुलगा बोल्ड रीझन. त्याची मुलगी फेअरी ब्रिज, तिचा मुलगा सॅडलर्स वेल्स, त्याचा गॅलिलिओ, त्याचा फ्रँकेल. चौदा शर्यती पळला आणि चौदाही जिंकला, तो फ्रँकेल. वंशावळीत पाच पायऱ्या उतरलीस की पुन्हा लालूनच भेटते. तिचं शिंगरू उभं राहावं म्हणून कुणीतरी अशीच रात्र काढली असणार गं. त्या माणसाचं नाव कुठल्याच वंशावळीत नाही, आणि मला ते राहून राहून लागतं. तुझ्यामुळे जास्तच लागतं.

म्हणून एक कर. त्या शिंगराची जन्मतारीख, वेळ, आईबापाची नावं, आणि त्या रात्री तिथे कोण कोण होतं ते सगळं वहीत लिहून ठेव. मोतद्दाराचं नाव विसरू नकोस. लिलावानंतर त्याला नाव मिळालं की मला कळव, मी इथून शर्यतींचे निकाल बघत जाईन. मला वेळच वेळ आहे.

आई विचारतेय, कपाळावर चांदणी आहे का? फोटोत अंधारामुळे दिसत नाही. उजेडात एक काढून पाठव.

तुझा,
बाबा