तुरतुकला निघण्यापूर्वी

तीर्थरूप आई-बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

फोनवर सांगण्याचा धीर झाला नाही, म्हणून लिहिते आहे. चॅनेलच्या नोकरीचा राजीनामा मी गेल्या महिन्यातच दिला आणि येत्या मंगळवारी लडाखला निघते आहे. तिथे तुरतुक गावात माझ्या नव्या माहितीपटाचे पाच आठवड्यांचे चित्रीकरण आहे, म्हणजे यंदा दिवाळीला मी घरी नसेन. आई, हे वाचून डोळे पुसू नकोस. ऑपरेशनच्या डोळ्याला हात लावायचा नाही, असे डॉक्टरांनी बजावले आहे.

निर्णय घाईने घेतलेला नाही. घराचे हप्ते फिटले आहेत, वर्षभराच्या खर्चाची तजवीज केली आहे आणि परत आल्यावर संकलनाची बाहेरची कामेही मिळणार आहेत. हे सगळे पटवून देण्यासाठी लिहिते आहे, की स्वतःची समजूत घालण्यासाठी, ते मलाही नीट सांगता येणार नाही.

बाबा, १९७१ च्या डिसेंबरात तुम्ही बांगलादेशातल्या जमालपूरच्या लढाईत होतात, त्याच दिवसांत मेजर चेवांग रिंचेन यांच्या तुकडीने पाकिस्तानच्या ताब्यातली तुरतुक आणि आसपासची बाल्टी लोकांची गावे घेतली. माणसे आपापल्या घरातच होती आणि देश मात्र बदलला. कामासाठी किंवा शिकण्यासाठी पलीकडे गेलेले पलीकडेच राहिले. कुणाचा नवरा, कुणाचा भाऊ. त्यांची वाट पाहिलेल्या बायका आता फार थकल्या आहेत, त्यामुळे हे काम पुढच्या वर्षावर टाकता येत नाही. जमालपूरचे विचारले की तुम्ही "नदीचे पाणी फार गार होते" एवढेच सांगत आलात, आणि मी पुढे कधी विचारले नाही. आपल्या अपशिंग्यातून पहिल्या महायुद्धात गेलेल्या ४६ जणांचा आकडा गावातल्या पोरासोरांनाही पाठ आहे, पण त्यांच्या मागे राहिलेल्या बायकांची नावे मी आजीला विचारली होती, तेव्हा तिला दोनच आठवली होती. माझे हे काम खरे तर त्या दुपारीच सुरू झाले असावे.

ऊसतोड बायकांवरच्या माहितीपटाच्या वेळीही तुम्ही असेच धास्तावला होतात. कोयता म्हणजे नुसते हत्यार नव्हे, मुकादमाच्या हिशेबात ती नवरा-बायकोची जोडी असते आणि आगाऊ घेतलेली उचल फिटेपर्यंत बाईला दुखणेसुद्धा परवडत नाही, हे मी तुम्हाला जेवताना सांगत असे. तो माहितीपट पाहून सगळ्यांनी कॅमेऱ्याचे कौतुक केले; आई, तू एकटीनेच विचारलेस, "गर्भपिशवी काढलेल्या त्या बाईकडे आता कोण बघतं?" त्या प्रश्नाचे उत्तर माझ्याकडे नव्हते.

राहिली कोर्टकचेरीची भीती. अणुचाचण्यांनंतर आनंद पटवर्धनांनी केलेल्या माहितीपटाला सेन्सॉर मंडळाने काटछाट सुचवली, ती बातमी, बाबा, तुम्ही मला मोठ्याने वाचून दाखवली होतीत. २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने एकही काट न मारता तो दाखवण्याची मुभा दिली, ती बातमी मात्र मला माझीच वाचावी लागली!

माझी काळजी करू नका. लेह साडेअकरा हजार फुटांवर आहे, म्हणून पहिले दोन दिवस नुसती विश्रांती घ्यायची आहे. तुरतुक लेहपेक्षा बरेच खाली आहे आणि तिथे जर्दाळूची झाडे आहेत. कुट्टूच्या पिठाची, आपल्या धिरड्यासारखी, पोळी तिथे मिळते, त्यामुळे उपाशी राहण्याचा प्रश्न नाही. बाहेरचे प्रीपेड कार्ड तिकडे चालत नाही, म्हणून पोस्टपेड घेतले आहे. तरीही दोन-तीन दिवस फोन आला नाही, तर लगेच दादाला पळवू नका.

आता माझे ऐका. बाबा, रक्तदाबाची गोळी "आज बरं वाटतंय" म्हणून चुकवायची नाही आणि टाकी पाहायला गच्चीवर चढायचे नाही. आईच्या डोळ्यात थेंब तुम्हीच घालायचे, तिला स्वतःला ते जमत नाही. फराळ विकत आणा, चकलीचा सोऱ्या माळ्यावरच राहू द्या. दादा लक्ष्मीपूजनापासून भाऊबीजेपर्यंत तिथेच राहणार आहे. मी त्याच्याकडून तसे वचनच घेतले आहे.

मागे राहिलेल्यांची गोष्ट सांगायला निघालेली मुलगी आपल्याच आई-बाबांना सणासुदीला मागे ठेवून जाते, हे मला टोचते आहे. तुम्ही बोलून दाखवणार नाही, हे ठाऊक आहे, म्हणून मीच लिहिले.

आणखी एक, बाबा. काळ्या ट्रंकेतला तुमचा पलटणीतला मफलर गणपतीत आले तेव्हा न विचारता नेला आहे. लहानपणी तुम्ही रजा संपवून गेलात की मी तो उशाशी घेऊन झोपत असे. उगाच शोधत बसू नका.

तुमची,
चिमी